म्हातारपणाचे गोठलेले आकडे

महिन्याचा पहिला आठवडा. बँकेच्या शाखेत पासबुक छापून देणाऱ्या यंत्रापुढची रांग या दिवसांत नेहमीपेक्षा लांब असते आणि तिच्यात पिकलेल्या केसांची संख्या अधिक असते. मोबाइलवर संदेश येत असला तरी कागदावर उमटलेल्या अक्षरावरच ज्यांचा विश्वास आहे, अशी ही पिढी. यंत्राची खरखर होते, एक ओळ उमटते, पासबुक बाहेर येते. त्या ओळीतला आकडा गेल्या महिन्यात जो होता तोच असतो. गेल्या वर्षीही तोच होता. रांगेतल्या अनेकांच्या बाबतीत निवृत्तीनंतरच्या पहिल्या महिन्यातही तोच होता.

वृद्धांच्या गरिबीची चर्चा आपल्याकडे सहसा मुलांच्या कृतघ्नतेपासून सुरू होते आणि वृद्धाश्रमापाशी संपते. तशी उदाहरणे आहेत, ती वेदनादायकही आहेत. मात्र आई-वडिलांना प्रेमाने सांभाळणाऱ्या घरांतही म्हातारी माणसे हळूहळू गरीब होत जातात, हे या चर्चेत सुटून जाते. त्यामागे घरातले भांडण नसते. सरकारी नियमांत कधीकाळी लिहिले गेलेले काही आकडे असतात. निवृत्तिवेतन किती, उत्पन्नाची मर्यादा किती, पोटगी जास्तीत जास्त किती, हे सारे रुपयांत ठरवून टाकले गेले आणि ते तेथेच राहिले. माणसाचे आयुष्य वाढत गेले, बाजारातले भाव वाढत गेले, आकडे मात्र हलले नाहीत. हलले तेही दहा-पंधरा वर्षांतून एकदा.

प्रश्न लहान नाही. २०११ च्या जनगणनेनुसार देशात साठी ओलांडलेल्यांची संख्या १० कोटी ३८ लाखांच्या आसपास होती. महाराष्ट्रात ती एक कोटी दहा लाखांच्या घरात, म्हणजे लोकसंख्येच्या ९.९ टक्के होती. देशाच्या सरासरीपेक्षा (८.६ टक्के) महाराष्ट्र तेव्हाच अधिक म्हातारा होता. मुंबईच्या आंतरराष्ट्रीय लोकसंख्या विज्ञान संस्थेने संयुक्त राष्ट्रसंघाच्या लोकसंख्या निधीसमवेत २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अहवालात देशातील ४० टक्क्यांहून अधिक वृद्ध संपत्तीच्या उतरंडीत सर्वांत तळच्या गटात असल्याचे आणि १८.७ टक्के वृद्धांना कोणतेही उत्पन्न नसल्याचे नमूद केले आहे.

तेराशे त्र्याण्णव रुपयांचे गणित

ज्याला उत्पन्न आहे, त्याचे तरी कसे भागते? कारखाना, खासगी कंपनी, सहकारी साखर कारखाना, एसटी महामंडळ अशा ठिकाणी नोकरी केलेल्यांचे निवृत्तिवेतन 'कर्मचारी निवृत्तिवेतन योजना १९९५' या योजनेतून येते. कामगारांच्या बोलण्यात ती 'ईपीएस-पंच्याण्णव' म्हणून ओळखली जाते. १६ नोव्हेंबर १९९५ पासून ती लागू झाली. देशात या योजनेचे पाऊण कोटीहून अधिक निवृत्तिवेतनधारक आहेत. शहरी मध्यमवर्गातल्या प्रत्येक विस्तारित कुटुंबात त्यांपैकी एखादे काका किंवा मावशी सापडतेच.

योजनेचे सूत्र सोपे आहे. निवृत्तिवेतनासाठी धरलेला पगार गुणिले सेवेची वर्षे, भागिले सत्तर. गोम 'धरलेला पगार' या शब्दांत आहे. प्रत्यक्ष पगार कितीही असो, तो एका मर्यादेपर्यंतच धरला जातो. ही मर्यादा आरंभी पाच हजार रुपये होती, जून २००१ पासून साडेसहा हजार झाली आणि सप्टेंबर २०१४ पासून पंधरा हजार.

समजा, एक गृहस्थ १९९६ मध्ये ठाण्याच्या एका कारखान्यात लागले आणि अठ्ठावन्न वर्षे पूर्ण होताच २०११ मध्ये निवृत्त झाले. शेवटचा पगार बारा हजार होता. पण सूत्रात धरला गेला साडेसहा हजार. साडेसहा हजार गुणिले पंधरा, भागिले सत्तर. उत्तर आले १,३९३. हे त्यांचे मासिक निवृत्तिवेतन. पहिल्या महिन्यात ही रक्कम पाहून त्यांना धक्का बसला असणार. तथापि खरा धक्का त्यानंतरच्या वर्षांत हळूहळू बसत गेला. या निवृत्तिवेतनाला महागाई भत्ता जोडलेला नाही. २०११ मध्ये मिळालेले १,३९३ रुपये २०२५ मध्येही १,३९३च राहिले. २०१२ हे वर्ष १०० धरणारा ग्राहक किंमत निर्देशांक २०२५ मध्ये १९० च्या पुढे गेला होता. म्हणजे या गृहस्थांच्या निवृत्तिवेतनातून कोणीही एक पैसा कापला नाही आणि तरीही ते जवळजवळ अर्धे झाले. विशेष म्हणजे अठ्ठावन्नाव्या वर्षी अंगात बळ असते, छोटे-मोठे काम करता येते, औषधाचा खर्च कमी असतो. बहात्तराव्या वर्षी यातले काहीच उरत नाही. गरज सर्वांत मोठी होते तेव्हा रक्कम सर्वांत लहान झालेली असते.

त्यांच्या पश्चात पत्नीला यातले निम्मे मिळते. निम्मे म्हणजे ६९६ रुपये. सप्टेंबर २०१४ मध्ये केंद्र सरकारने किमान निवृत्तिवेतन एक हजार रुपये ठरवले, त्यामुळे तिला हजार मिळतील. किमान रकमेचा निर्णय झाला तेव्हा अनेक विधवांचे निवृत्तिवेतन दुपटी-तिपटीने वाढले, ही वस्तुस्थिती आहे. त्यानंतर हा हजाराचा आकडाही बाकीच्या आकड्यांच्या रांगेत जाऊन बसला.

यात आणखी एक खाच आहे. कारखाना बंद पडला आणि कामगार बावन्न-त्रेपन्न वर्षांचा असला, तर तो पन्नाशीनंतर मुदतपूर्व निवृत्तिवेतन घेऊ शकतो. मात्र अठ्ठावन्नला जितकी वर्षे कमी, तितक्या वर्षांसाठी दरवर्षी चार टक्के कपात होते. ही कपात अठ्ठावन्नाव्या वर्षी भरून निघत नाही, ती कायमची असते. ज्याची नोकरी गेली त्यालाच घाई असते आणि घाई असलेल्यालाच कपात सोसावी लागते. दहा वर्षांपेक्षा कमी सेवा झाली असेल तर निवृत्तिवेतनच नाही. साचलेली रक्कम काढून घेता येते. कंत्राटावर या कंपनीतून त्या कंपनीत फिरणाऱ्या अनेकांनी प्रत्येक नोकरी सुटताना '१०-सी' हा फॉर्म भरून हे पैसे काढून घेतले. हातात आलेले पाच-दहा हजार रुपये तेव्हा मोठे वाटले. पैशांऐवजी योजनेचे प्रमाणपत्र घेतले असते तर सेवेची वर्षे पुढच्या नोकरीत जोडली गेली असती, हे सांगणारे तेव्हा कोणी भेटले नाही. तिशी-पस्तिशीतल्या वाचकांनी आपल्या जुन्या नोकऱ्यांची सेवा एका खात्यात जोडली गेली आहे की नाही, हे आजच तपासून पाहणे इष्ट.

बुलढाण्याची मागणी आणि सरकारचे उत्तर

या योजनेच्या निवृत्तिवेतनधारकांचे आंदोलन देशभर पसरले, त्याचे केंद्र महाराष्ट्रात, बुलढाण्यात आहे. तेथे डिसेंबर २०१८ मध्ये साखळी उपोषण सुरू झाले आणि ते वर्षानुवर्षे चालले. किमान साडेसात हजार रुपये निवृत्तिवेतन, त्यावर महागाई भत्ता आणि पती-पत्नीला वैद्यकीय सुविधा, या प्रमुख मागण्या. त्याआधी २०१३ मध्ये राज्यसभेच्या याचिका समितीने, भगतसिंह कोश्यारी तिचे अध्यक्ष असताना, किमान तीन हजारांची शिफारस केली होती. पुढच्या वर्षी मिळाले एक हजार. २०२५ पर्यंत ते तेवढेच राहिले.

सरकारची बाजूही समजून घेतली पाहिजे. मालकाच्या बारा टक्के वर्गणीतील ८.३३ टक्के आणि केंद्राचे १.१६ टक्के, एवढ्यावर हा निधी उभा आहे. साडेसहा हजारांच्या मर्यादेत दरमहा जमा होणारी मालकाची रक्कम साडेपाचशेही भरत नव्हती. जेवढे जमा झाले त्यातूनच द्यायचे, तर एवढेच देता येते. निधीच्या मूल्यमापनात तूट दिसते, असे उत्तर संसदेत वारंवार दिले गेले आहे. गणित म्हणून ते खोटे नाही. पंधरा हजारांची मर्यादा आणि पस्तीस वर्षांची सेवा धरली तरी सूत्रातून साडेसात हजारच निघतात. आंदोलकांची किमान मागणी आणि सूत्राने पस्तीस वर्षांनंतर मिळू शकणारी रक्कम एकच आहे. ती मागणी मान्य करायची तर पैसा करदात्यांच्या खिशातून आणावा लागेल.

प्रश्न असा की, करदात्यांच्या खिशातून निवृत्तिवेतन देण्याची कल्पना सरकारला परकी आहे काय? सरकारी कर्मचाऱ्यांसाठी केंद्राने ऑगस्ट २०२४ मध्ये एकीकृत निवृत्तिवेतन योजना मंजूर केली, १ एप्रिल २०२५ पासून ती लागू झाली. तिच्यात दहा वर्षांच्या सेवेनंतर किमान दहा हजार रुपये मासिक निवृत्तिवेतनाची हमी आहे आणि त्यावर महागाईनुसार वाढही आहे. दहा वर्षे खासगी कारखान्यात घालवणाऱ्याला किमान हमी हजाराची, वाढ नाही. सरकारी कर्मचाऱ्याला मिळते ते वाजवीच आहे. पण एकाच बाजारातून भाजी घेणाऱ्या दोन वृद्धांमध्ये दहापटीचे अंतर कोणत्या तर्काने समर्थनीय ठरते, याचे उत्तर निधीच्या मूल्यमापनात सापडत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने ४ नोव्हेंबर २०२२ रोजी प्रत्यक्ष पगारावर वाढीव निवृत्तिवेतनाचा मार्ग काहींसाठी मोकळा केला, त्याची बरीच चर्चा झाली. मात्र १ सप्टेंबर २०१४ पूर्वी पर्याय न देता निवृत्त झालेल्यांना त्याचा लाभ नाही; म्हणजे जे सर्वांत वृद्ध, ते बाहेरच राहिले.

संपानंतरची चाळीस वर्षे

ज्यांना हे तेराशे-चौदाशे रुपयेही नाहीत, त्यांची संख्या कितीतरी मोठी आहे. गिरणगावाचे उदाहरण मुंबईकरांना जवळचे आहे. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरण्यांचा संप सुरू झाला तेव्हा सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले होते. त्यांतील अनेकांची नोकरी संपात किंवा त्यानंतरच्या काही वर्षांत गेली. १९९५ ची योजना आली तेव्हा ते खात्यावरच नव्हते. भविष्य निर्वाह निधी आणि ग्रॅच्युइटीचे जे पैसे मिळाले ते मुलीचे लग्न, गावाकडच्या घराची डागडुजी, मुलाची टपरी यांत गेले. त्यानंतर कोणी रखवालदारी केली, कोणी भाजी विकली. बायकांनी पोळ्या लाटल्या, धुणीभांडी केली. संप सुरू झाला तेव्हा पंचविशीत असलेला कामगार २०२२ मध्ये पासष्ट वर्षांचा झाला. पासष्ट हे वय महत्त्वाचे, कारण महाराष्ट्रात निराधार वृद्धांसाठीच्या 'श्रावणबाळ सेवा राज्य निवृत्तिवेतन योजने'चे दार त्या वयाला उघडते.

उघडते असे म्हणायचे. दारावर उत्पन्नाची पाटी आहे आणि पाटीवर वर्षाला एकवीस हजार रुपये लिहिले आहेत. सबंध कुटुंबाचे उत्पन्न यापेक्षा अधिक नसावे. महिन्याचा हिशेब केला तर १,७५० रुपये. मुंबई, पुणे, नाशिक वा नागपुरात एवढ्या पैशांत कोणते कुटुंब जगते, याचा शोध कोणत्याही तहसील कार्यालयाने घेतलेला नाही. तरी दाखला मात्र त्याच आकड्याचा हवा. परिणाम दोन होतात. नियम अक्षरशः पाळला तर खरोखर गरजू असलेला अर्जदारही बाद होतो. नियमाकडे कानाडोळा केला तर एखाद्या दलालाच्या मध्यस्थीने कागदावरचे उत्पन्न वीस हजारांवर आणले जाते, त्याचे पैसे मोजावे लागतात आणि चौकशी निघाली की तोच म्हातारा लबाड ठरतो. आयुष्यभर प्रामाणिकपणे राबलेल्या माणसाला सत्तरीत खोटा दाखला काढायला लावणारी ही मर्यादा आहे.

योजनेची रक्कम वाढली, हे नाकारता येणार नाही. सहाशेचे २०१९ मध्ये हजार झाले, २०२३ मध्ये दीड हजार. परंतु रक्कम वाढवताना मर्यादा जागची हलली नाही. या मर्यादेची तुलना राज्यातल्याच इतर मर्यादांशी करून पाहण्यासारखी आहे. अन्नसुरक्षा कायद्याखाली स्वस्त धान्यासाठी प्राधान्य कुटुंब ठरवताना राज्याने शहरी भागात वार्षिक उत्पन्नाची मर्यादा ५९ हजार ठेवली. २०२४ मध्ये 'मुख्यमंत्री माझी लाडकी बहीण' योजना आली, तिच्यात ती अडीच लाख ठेवण्यात आली. अडीच लाखांना बाराने भागले तर महिन्याला २०,८३३ रुपये होतात. म्हणजे एका योजनेची महिन्याची मर्यादा आणि दुसरीची वर्षाची मर्यादा जवळजवळ सारखीच.

हा योगायोग गमतीचा नाही, कारण या दोन्ही योजनांची वये एकमेकींना चिकटलेली आहेत. लाडकी बहीण योजना एकवीस ते पासष्ट वर्षांच्या महिलांसाठी आणि श्रावणबाळ पासष्ट वर्षे व त्यापुढील वृद्धांसाठी. रक्कम दोन्हींत दीड हजारच. परळच्या चाळीत राहणारी, चार घरची कामे करणारी एखादी विधवा चौसष्टाव्या वर्षी दीड हजारांना पात्र असते, कारण घरातले उत्पन्न दीड-दोन लाख आहे. पासष्ट पूर्ण झाले की ती पहिल्या योजनेतून बाहेर पडते आणि दुसऱ्या योजनेत जाऊ पाहते, तेव्हा तेच उत्पन्न मर्यादेच्या सात-आठ पट ठरते. तिच्या परिस्थितीत काहीच सुधारले नाही. ती एका वर्षाने म्हातारी झाली, इतकेच. पहिल्या योजनेत पिवळी वा केशरी शिधापत्रिका दाखवली की उत्पन्नाच्या दाखल्याची गरज नव्हती. दुसरीत तहसीलदाराचा दाखला लागतो. नियम लिहिणाऱ्यांच्या मनात तरुण मतदार होता आणि म्हातारा नव्हता, असे कोणी म्हणाले तर त्याला खोडून काढणे अवघड आहे.

केंद्र सरकारचा वाटा हा याहून जुना गोठलेला आकडा. १५ ऑगस्ट १९९५ रोजी राष्ट्रीय सामाजिक साहाय्य कार्यक्रम सुरू झाला तेव्हा निराधार वृद्धाला केंद्राकडून महिना ७५ रुपये मिळत. पुढे त्याचे दोनशे झाले. २००७ मध्ये योजनेला इंदिरा गांधींचे नाव मिळाले तेव्हा दोनशे होते, २०११ मध्ये वयाची अट पासष्टवरून साठवर आली तेव्हाही दोनशेच होते. ऐंशीच्या पुढच्यांना तेवढे पाचशे करण्यात आले. २०२५ मध्येही साठ ते एकोणऐंशी वयाच्या वृद्धासाठी केंद्राचे दोनशेच. महाराष्ट्रात दारिद्र्यरेषेखालच्या यादीतील वृद्धाला जे दीड हजार मिळतात त्यात हे दोनशे धरलेले असतात, उरलेले राज्याचे.

साठवलेले पैसे, राहते घर

मध्यमवर्गाचा समज असा की, हे सारे कामगारांचे आणि गरिबांचे दुखणे. आपल्याकडे बँकेत ठेव आहे. ठेवीच्या व्याजावर जगणाऱ्यांचे गणितही त्याच जातीचे आहे, फक्त त्यात आकडा गोठत नाही, खाली घसरतो. २००४ मध्ये ज्येष्ठ नागरिक बचत योजना सुरू झाली तेव्हा व्याज नऊ टक्के होते. दहा लाखांवर महिन्याला सरासरी साडेसात हजार. २०२०-२१ मध्ये मोठ्या बँकांचे मुदत ठेवीचे दर ज्येष्ठांसाठीचा अर्धा टक्का धरूनही सहाच्या आसपास आले. त्याच दहा लाखांवर महिन्याला पाच हजार. पुढे दर वाढले, ज्येष्ठांच्या बचत योजनेचा दर एप्रिल २०२३ पासून ८.२ टक्के झाला. पण ज्यांच्या ठेवी मधल्या काळात पाच वर्षांसाठी नूतनीकृत झाल्या, त्यांना वाढीचा उपयोग नव्हता. व्याज कमी पडले की मुद्दलाला हात लागतो आणि मुद्दलाला एकदा हात लागला की पुढच्या महिन्याचे व्याज आणखी कमी होते.

अर्धा-एक टक्का जास्त व्याजाच्या ओढीने पुष्कळ निवृत्तांनी सहकारी बँका जवळ केल्या. २३ सप्टेंबर २०१९ रोजी रिझर्व्ह बँकेने पंजाब अँड महाराष्ट्र सहकारी बँकेवर निर्बंध घातले तेव्हा खात्यातून सहा महिन्यांत केवळ एक हजार रुपये काढण्याची मुभा होती. ती पुढे टप्प्याटप्प्याने वाढवली गेली. ठेवींवरील विम्याची मर्यादा तोवर एक लाख होती, फेब्रुवारी २०२० मध्ये ती पाच लाख झाली. २०२२ मध्ये बँकेचे विलीनीकरण झाले, तेव्हा मोठ्या ठेवीदारांचे पैसे दहा वर्षांपर्यंतच्या मुदतीत परत करण्याचे ठरले. पंच्याहत्तरीतल्या ठेवीदाराला दहा वर्षे थांबायला सांगणे, हाही एक हिशेबच. एका बँकेत किंवा एका पतसंस्थेत सर्व पुंजी ठेवू नये, हा सल्ला जुना आहे. पतसंस्थांतील ठेवींना हे पाच लाखांचे विमासंरक्षणही नाही, एवढी त्याला पुस्ती जोडायला हवी.

उरते घर. मुंबईतल्या जुन्या चाळीतली खोलीही आज लाखोंच्या किमतीची आहे आणि तिच्यात राहणाऱ्या जोडप्याकडे महिनाअखेर औषधाला पैसे नाहीत, हे चित्र दुर्मीळ नाही. घर तारण ठेवून दरमहा रक्कम देणारी, ज्येष्ठांच्या हयातीत परतफेड न मागणारी 'रिव्हर्स मॉर्गेज' पद्धत २००७ च्या अर्थसंकल्पानंतर देशात आली. तिला फारसा प्रतिसाद मिळाला नाही. एक तर घर मुलांसाठी राखायचे, ही भावना. दुसरे असे की त्यासाठी घर स्वतःच्या नावावर, निर्वेध मालकीचे लागते. पागडीच्या खोलीचा भाडेकरू मालक नसतो. शिवाय महिन्याला रखडलेल्या पुनर्विकासाच्या भाड्यावर दुसरीकडे राहणाऱ्या वृद्धांकडे तारण ठेवायला भिंतीसुद्धा नसतात.

मुलांकडून निर्वाहखर्च मागण्याचा हक्क २००७ च्या कायद्याने दिला. आई-वडील आणि ज्येष्ठ नागरिकांच्या निर्वाह व कल्याणाचा हा कायदा महाराष्ट्रात मार्च २००९ मध्ये लागू झाला. अर्ज उपविभागीय अधिकाऱ्यापुढील, म्हणजे प्रांतांपुढील, न्यायाधिकरणात करायचा असतो. सांभाळण्याच्या अटीवर घर लिहून घेऊन नंतर आई-वडिलांना बाहेर काढणाऱ्या मुलाचे बक्षीसपत्र याच कायद्याच्या तेविसाव्या कलमाने रद्द होऊ शकते. हे कलम खरोखर उपयुक्त आहे. मात्र बक्षीसपत्रात सांभाळण्याची अट स्पष्ट शब्दांत लिहिलेली असावी, ही काळजी दस्त करतानाच घेतलेली बरी. निर्वाहखर्चाची कमाल मर्यादा मात्र दहा हजार रुपये. ती कायदा झाला त्या वर्षीची आहे. मर्यादा काढून टाकणारे विधेयक डिसेंबर २०१९ मध्ये लोकसभेत मांडले गेले, समितीकडे गेले, समितीने अहवाल दिला आणि २०२४ मध्ये लोकसभेची मुदत संपताच ते निकाली निघाले. लक्षाधीश मुलाकडूनही दहा हजारांपेक्षा अधिक देवविण्याची सोय त्यामुळे झाली नाही.

सवलतींचा हिशेब वेगळा. एसटीत पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना ऑगस्ट २०२२ पासून प्रवास मोफत झाला. रेल्वेतील ज्येष्ठांची सवलत मार्च २०२० मध्ये गेली ती २०२५ पर्यंत परत आली नाही. सत्तरीपुढच्या सर्वांना ऑक्टोबर २०२४ पासून पाच लाखांपर्यंतच्या रुग्णालयीन उपचारांचे संरक्षण मिळाले, हे मोठे पाऊल होते. पण रक्तदाबाची आणि मधुमेहाची गोळी रुग्णालयात दाखल होऊन घ्यायची नसते. ती दररोज घ्यायची असते, आणि १,३९३ रुपयांतली मोठी रक्कम तिच्यावरच जाते.

या सगळ्यावर दरवर्षीचे एक काम असते, हयातीचा दाखला. जिवंत असल्याचा पुरावा दिला नाही तर रक्कम थांबते. नोव्हेंबर २०१४ पासून तो बोटांच्या ठशांवर देता येऊ लागला. पण आयुष्यभर भांडी घासलेल्या किंवा माग चालवलेल्या बोटांवरच्या रेषा पुसट झालेल्या असतात आणि यंत्र त्या ओळखत नाही. चेहऱ्यावरून ओळख पटवण्याची सोय २०२१ च्या अखेरीस आली, त्यासाठी घरात नातवाचा स्मार्टफोन आणि नातवाचा वेळ लागतो. भविष्य निर्वाह निधीच्या निवृत्तिवेतनधारकांना हा दाखला वर्षात केव्हाही देता येतो आणि तो दिल्याच्या दिवसापासून वर्षभर चालतो. तरीही सवयीने सारे नोव्हेंबरातच रांग लावतात. ती टाळता येण्यासारखी आहे.

आजच्या तरुणांसाठी आखलेल्या योजनांत हा दोष दुरुस्त झाला असेल, असे वाटणे स्वाभाविक आहे. २०१५ मध्ये सुरू झालेल्या अटल पेन्शन योजनेत अठराव्या वर्षी नाव नोंदवणारा तरुण महिना २१० रुपये भरू लागला, तर साठाव्या वर्षापासून त्याला महिना पाच हजार रुपयांची हमी आहे. असंघटित कामगारांसाठी २०१९ मध्ये आलेल्या श्रमयोगी मानधन योजनेत हमी तीन हजारांची. दोन्हींत महागाईशी जोडलेली वाढ नाही. २०१५ मध्ये अठरा वर्षांचा असलेला तो तरुण साठ वर्षांचा होईल २०५७ मध्ये. तेव्हा त्याच्या खात्यात पाच हजार रुपये जमा होतील, आणि पुढच्या महिन्यातही पाच हजारच.